खिडकीबाहेरचं जहाज

खिडकीसाहेबांच्या पहिल्या सिनेमाच्या शेवटी एक जहाज पाण्यात उतरतं. निदान पटकथेत तरी तसं लिहिलेलं होतं. पडद्यावर दिसतं ते असं: एक खोली, खोलीला एक खिडकी, खिडकीशी दाटीवाटीनं उभी असलेली माणसं. बाहेर भोंगा वाजतो. माणसांच्या नजरा उजवीकडून डावीकडे सरकत जातात. एका म्हातारीच्या तोंडाचा आ होतो. मागचा एक इसम डोक्यावरची टोपी काढतो. समाप्त.

जहाज नव्हतं, कारण जहाज परवडत नव्हतं. भोंगासुद्धा साबणाच्या कारखान्याचा होता. कामगारांची जेवणाची सुट्टी झाली की वाजणारा. समीक्षकांना यातलं काही ठाऊक नव्हतं. एकानं लिहिलं, ‘जहाज न दाखवण्याचं धाडस!’ दुसऱ्यानं त्या म्हातारीच्या उघड्या तोंडावर चार पानं लिहिली. म्हातारी खरं तर जांभई देत होती. सकाळपासून उभी होती बिचारी.

पहिला खेळ सुटल्यावर थेटराच्या पायऱ्यांवर सगळे साहेबांशी हात मिळवत होते, तेव्हा त्यांच्या थोरल्या बहिणीनं, म्हणजे ताईनं, पर्स काखेत मारली आणि विचारलं, “सगळं छान आहे रे. पण जहाज कुठंय?”

“ताई, ते लोकांच्या चेहऱ्यावर दिसतं.”

“असं होय. मग तिकिटावर तसं छापायचं होतंस. मी चष्मा आणलाच नसता.”

त्यानंतर साहेबांनी बरेच सिनेमे लिहिले आणि लिहिलेले सगळे स्वतःच काढले, कारण दुसरं कुणी काढेना. त्यांच्या सिनेमात पूर आला तो शेजारच्या खोलीत. आग लागली ती गल्लीच्या पलीकडे. राजाची मिरवणूक गेली ती गच्चीखालून, आणि कॅमेरा गच्चीवर होता. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात. साहेबांनी ती मूठ वर्षानुवर्षं उघडली नाही, आणि मुठीचा भाव मात्र वाढत गेला. सिनेमाच्या शाळेतून त्यांचं ‘न दाखवणं’ शिकवायला लागले. धंद्यात त्यांना खिडकीसाहेब म्हणू लागले, आधी पाठीमागे, मग पुरस्कार मिळायला लागल्यावर तोंडावर.

त्यांची कचेरी टायरच्या दुकानावर होती. पटकथा वाचायला घेतली की कागदालासुद्धा रबराचा वास यायचा. खोलीत खुर्च्या दोन. खिडकीशी वेताची, ती लेखकाची. टेबलामागे चाकांची, ती निर्मात्याची. साहेब वेताच्या खुर्चीत बसून लिहायचे, ‘घोडेस्वारांची तुकडी नदी ओलांडते.’ मग उठून चाकांच्या खुर्चीत जायचे, कागद हातभर लांब धरायचे आणि म्हणायचे, “किती घोडे?”

वेताच्या खुर्चीत परत आल्यावर नरमाईनं उत्तर जायचं, “मालक, दहा तरी हवेत.”

“नदी कुणी सांगितली?”

शेवटी एक घोडा तबेल्यात उभा असायचा आणि त्याचे पाय ओले असायचे. लोक वेडे झाले त्या पायांवर.

हे संभाषण साहेब मोठ्यानं करत. खालचा टायरवाला नव्या गिऱ्हाइकांना सांगायचा, “घाबरू नका, वर दोघं भांडतायत. माणूस एकच आहे.” घरच्यांनाही दोन्ही खुर्च्यांची सवय झालेली. ताईला कोणाच्या औषधपाण्याला पैसे हवे असले तर ती आधी डोकावून बघायची, आणि स्वारी चाकांच्या खुर्चीत असली तर म्हणायची, “लेखक आले की सांग, मी खाली उभी आहे.”

आणि प्रत्येक सिनेमाच्या पहिल्या खेळानंतर, कुठल्याही थेटराच्या पायऱ्यांवर, विषय पुराचा असो की घोड्यांचा, ती न चुकता विचारायची, “जहाज कुठंय?”

त्याला कारण होतं. दोघं लहान असताना त्यांच्या गावच्या गोदीत एक मोठं जहाज पाण्यात सोडलं होतं. गाव लोटला. ताईनं धाकट्या भावाचा हात धरून गर्दीत शिरकाव केला, स्वतः एका खोक्यावर चढली आणि भाऊ राहिला खाली. त्याला पुढे दिसत होत्या फक्त पाठी, म्हणून तो मागे वळला. तिकडे निदान तोंडं होती. भोंगा वाजला, जमीन हादरली, आणि त्यानं पाहिलं की शेकडो माणसांच्या तोंडावरून काहीतरी प्रचंड सरकत गेलं. ते काय, ते त्याला दिसलं नाही. दुसऱ्या दिवशी वर्गात त्यानं जहाजाचं असं वर्णन केलं, की प्रत्यक्ष पाहून आलेली पोरंसुद्धा गप्प बसून ऐकत राहिली. ती त्याची पहिली पटकथा. ताई घरी म्हणाली, “थापाड्या. मी खाली उतरून तुला वर घ्यायला हवं होतं, पण मग मला दिसलं नसतं.” ती असल्या बाबतीत सरळ होती.

असा जहाज न पाहिलेला माणूस केस पांढरे होईपर्यंत जहाज न दाखवण्याबद्दल नावाजला गेला. मग एका मोठ्या कंपनीनं त्यांना बोलावलं. काचेची इमारत, बसायला इतक्या मऊ खुर्च्या की त्यांतून लेखक उठेना आणि निर्माताही. समोर कंपनीच्या बाई.

“तुम्हाला हवा तो सिनेमा काढा,” त्या म्हणाल्या. “पैशाची चिंता करू नका.”

 हे वाक्य साहेबांनी आजवर फक्त खलनायकांना दिलं होतं.

“गोदीतला एक म्हातारा वेल्डर,” ते म्हणाले. “जन्मभर जहाजं जोडतो. शेवटी त्याचं शेवटचं जहाज पाण्यात उतरतं.”

“वा! आणि आपण ते त्याच्या चेहऱ्यावर बघतो.”

“नाही. आपण जहाज बघतो.”

बाईंनी पेन खाली ठेवलं. “म्हणजे प्रत्यक्ष?”

“प्रत्यक्ष.”

“साहेब, रागावू नका, पण लोक तुमचं न दाखवणं बघायला येतात. झाकली मूठ उघडायची कशाला?”

“आत काय आहे ते मलाही बघायचंय, बाई.”

बाईंनी खांदे उडवले. पैशाची चिंता करू नका असं एकदा म्हणून बसल्या होत्या. आता अडवायचं कशावरून?

गोदी सापडली. तिथल्या इंजिनिअरनं परवानगी दिली आणि बजावलं, “साहेब, हे जहाज उतरणीवरून एकदाच सुटतं. ‘पुन्हा एकदा घेऊ’ म्हणालात तर ते काही उलटं चढत नाही.”

साहेबांनी युनिटला गोळा केलं. त्यांचं युनिट म्हणजे जुनी मंडळी. कॅमेरामन पहिल्या सिनेमापासूनचा. नायक तसाच, त्याच्या चेहऱ्यावरून आजवर दोन पूर, एक आग आणि एका देशाचं स्वातंत्र्य जाऊन आलं होतं. दिग्दर्शक तेवढा दर वेळी वेगळा असायचा, आणि तो कोण होता हे पुढे कुणाच्या लक्षात राहायचं नाही, त्याच्याही.

या सगळ्यांचा एक नियम होता: आवाज आला की वळ. बाहेर काही मोठं घडायचं असलं की कॅमेरा आधी तिकडे रोखलेला असायचा, आणि भोंगा, स्फोट, तोफ, जे काही असेल त्याचा आवाज झाला की तो गर्रकन माणसांकडे वळायचा. घडणारं दिसायच्या आत. या वळण्यातच सगळी बचत होती आणि सगळी कीर्तीही.

“या वेळी वळायचं नाही,” साहेब म्हणाले.

“नाही वळणार,” कॅमेरामन म्हणाला.

“भोंगा वाजेल.”

“वाजू दे की.”

“लोक ओरडतील.”

“साहेब, मी काय दूधखुळा आहे का? जहाज सुटल्यापासून पाण्यात पडेपर्यंत माझा कॅमेरा जहाजावर. पलीकडच्या टोकाला माझा पट्टशिष्य दुसरा कॅमेरा घेऊन उभा आहे. तो तर मी करीन तेच करतो.”

त्या दिवशी ऊन स्वच्छ होतं. उतरणीवर जहाज उभं होतं, लाल आणि काळं, शेजारच्या इमारतींना ठेंगणं करून. नायक वेल्डरच्या कपड्यांत कठड्याशी. त्याच्यामागे गोदीचे खरेखुरे कामगार, त्यांच्या बायका, खांद्यांवर पोरं. ताईसुद्धा हट्टानं आली होती, पण इंजिनिअरनं तिला सुरक्षेच्या दोरीमागे, एका क्रेनच्या आड उभं केलं होतं, आणि तिथून ती त्याला काय काय म्हणाली ते लिहिण्यासारखं नाही.

अडसर निघाले. भोंगा वाजला. जमीन हादरली. आणि कॅमेरामनचे हात वळले.

जित्याची खोड ती. भोंग्याबरोबर कॅमेरा गर्रकन फिरला आणि नायकाच्या तोंडावर येऊन थांबला. पलीकडे गुरूला वळताना पाहून पट्टशिष्यही वळला. दिग्दर्शक मॉनिटरमध्ये डोकं घालून बसला होता, तो पुढे म्हणाला, “चेहरे फारच छान दिसत होते, मला वाटलं बेत बदलला.” मेकअपवाली नायकाचं नाक बघत होती, ते उन्हात चमकत होतं. कॅमेरामनच्या तोंडून “अरे देवा” निघालं आणि त्यानं कॅमेरा परत फिरवला, तेव्हा जहाज पाण्यात होतं, आणि तळ्यातल्या बदकासारखं निवांत डुलत होतं.

सगळे साहेबांकडे बघायला लागले. साहेब जहाजाकडे पाठ करून उभे होते. भोंगा वाजल्याबरोबर तेही वळले होते.

अख्ख्या युनिटात जहाज कुणी पाहिलं नव्हतं.

दोरीमागून ताई आली. तिनं एकेकाचं तोंड पाहिलं आणि तिला उलगडा झाला. “मला क्रेन दिसली,” ती म्हणाली. “पिवळी होती. तुम्हाला काय दिसलं?”

दिग्दर्शक मॉनिटरची वायर गुंडाळायला लागला.

“हात वळले हो, साहेब,” कॅमेरामन म्हणाला. त्यानं हात पुढे केले, जणू ते दुसऱ्याचे होते आणि परत करायचे होते.

साहेब कचेरीत परतले आणि वेताच्या खुर्चीत बसले. खरं तर तोडगा निघायला वेळ लागला नाही. लेखक मुरलेला होता. जहाज उतरणीवर, मग चेहरे, मग जहाज पाण्यात. मधलं काही नाही. वेल्डर डोळे मिटून घेतो असं दाखवायचं. आपण जोडलेलं जहाज जाताना त्याला बघवत नाही. समीक्षक रडतील. कंपनीच्या बाई तर म्हणतील, बघा, मी सांगत होते. त्यांनी भरभर लिहून काढलं. बरं उतरलं होतं. नेहमीसारखंच बरं.

मग ते चाकांच्या खुर्चीत गेले आणि कागद हातभर लांब धरला.

“हे काय आहे?” निर्मात्यानं विचारलं.

“मालक, स्वस्तात भागतंय,” लेखक वेताच्या खुर्चीतून म्हणाला. “शिवाय खोल आहे.”

“खोल गेलं खड्ड्यात. म्हातारा डोळे का मिटतो?”

“भावना, मालक.”

“भावना नाही, कॅमेरा वळला म्हणून मिटतो. मी आजवर तुझे घोडे कापले, नदी कापली, कारण खिशात दमडी नव्हती. तुला काय झालंय? तुला तर कुणी कापायला सांगितलं नाही!”

खाली टायरवाल्यानं हातातला पाना थांबवला. एवढा आवाज वर कधी चढला नव्हता, आणि नेहमी ओरडायचा तो पैसे वाचवायला. आज उलटी गंगा वाहत होती.

 इतकी वर्षं लेखक मालकाच्या नावानं बोटं मोडत आला होता, की हा कंजूष नसता तर मी काय काय दाखवलं असतं. आणि आता मालक चाकांची खुर्ची टेबलावर आपटत म्हणत होता, “जहाज दाखव! मला बिल चालेल, पण बहाणा चालणार नाही!”

खुर्ची रिकामी करून साहेब उभे राहिले, आणि त्यांनी गोदीत फोन लावला.

“जहाज परत चढत नाही,” इंजिनिअर पलीकडून आधीच म्हणाला.

“ते कळलं. दुसरं आहे?”

“आहे की. ही जोडीनं बांधतात. धाकटं अजून बांधून व्हायचंय, पुढच्या वर्षी सुटेल. हुबेहूब तेच. आधी का नाही विचारलंत?”

विचारलं नव्हतं, कारण साहेबांच्या धंद्यात एक जहाज मिळवणं हीच कल्पनेची हद्द होती; दोन मागायची त्यांच्या मेंदूला सवयच नव्हती.

ताईला सांगितलं तेव्हा ती म्हणाली, “थोरलीला पाठ दाखवलीस. आता धाकटीला तरी तोंड दाखव.”

कंपनीच्या बाईंना वर्षभर थांबायचं कळल्यावर त्या थंड झाल्या. “आहे तेच वापरू या ना! ते तर अगदी तुमचंच आहे.”

“वापरणारच आहे,” साहेब म्हणाले. “पण आधी.”

कारण एव्हाना वेताच्या खुर्चीतला गडी शुद्धीवर आला होता आणि त्यानं नवी पटकथा लिहिली होती. वेल्डर जन्मभर जहाजं जोडतो. प्रत्येक जहाज सुटताना तो वळतो आणि लोकांचीच तोंडं बघत राहतो. आपलं काम लोकांना आवडलं का, एवढीच त्याला धास्ती. थोरलं जहाज सुटतं. भोंगा वाजतो, तो वळतो, कॅमेरा वळतो, आणि पुन्हा बघतो तर जहाज पाण्यात. त्याच्या ध्यानात येतं, की आपण बांधलेलं एकही जहाज आपण जाताना पाहिलेलं नाही. आता राहिलं एकच. पटकथा वाचून कॅमेरामननं ते पान पुन्हा उलटून पाहिलं. मग म्हणाला, “साहेब, माझी चूक तुम्ही गोष्टीत घातलीत.”

“आपली,” साहेब म्हणाले. “मीही वळलो होतो.”

वर्षानं पुन्हा तीच उतरण, तेच लाल-काळं धूड. या खेपेला साहेबांनी हातांवर भरवसा ठेवला नाही. कॅमेरामनच्या कानांत कापसाचे बोळे कोंबले, वरून लोकरी कानटोपी बांधली. पट्टशिष्याला तसंच. भर उन्हात दोघं ध्रुवावर निघाल्यासारखे दिसत होते. ताईला या वेळी उभं केलं ते थेट कॅमेऱ्याशेजारी. इंजिनिअर काही बोलायला गेला, पण गेल्या वर्षीची आठवण होऊन परत फिरला. भोंगा वाजला तो सगळ्या गोदीला ऐकू आला, फक्त ज्यांना ऐकू येऊ नये त्या दोघांना नाही. कॅमेरे जागचे हलले नाहीत. आणि साहेब? साहेब वळायला लागले होते. ताईनं त्यांची मान धरली. पण तेवढ्यात त्यांच्या चष्म्यावर पाण्याचा फवारा आला आणि पुढचं सगळं पुसट झालं.

“मिळालं?” त्यांनी ओरडून विचारलं.

“काय?” कॅमेरामन त्याहून मोठ्यानं ओरडला. मग कापूस काढला आणि हसला. “मिळालं!”

साहेबांनी नंतर ते दृश्य पाहिलं नाही. कापणं-जोडणं करणाऱ्याला सांगितलं, “तिथं कात्री लावू नकोस, आणि मला दाखवूही नकोस.” त्यांना ते थेटरात बघायचं होतं.

पहिल्या खेळाला थेटर भरलं. समीक्षक मधल्या रांगांत, गोदीचे कामगार पुढच्या, कंपनीच्या बाई दाराजवळ, निसटायला बरं म्हणून. साहेबांची रीत अशी, की दिवे मालवले की पडद्याच्या बाजूला, अंधाऱ्या जिन्यापाशी उभं राहायचं आणि सबंध सिनेमाभर प्रेक्षकांचे चेहरे बघायचे. स्वतःचे सिनेमे त्यांनी आजवर असेच पाहिले होते, म्हणजे पाहिले नव्हते. आजही ते जिन्याकडे निघाले. ताईनं कोटाची बाही धरली.

“कुठं?”

“जरा तिकडे. लोकांना कसं वाटतंय बघतो.”

“लोकांना डोळे आहेत. बस इथं.”

ते बसले. थोरलं जहाज सुटलं, भोंगा वाजला, कॅमेरा वळला. मागे समीक्षकांच्या रांगेतून समाधानाचा सुस्कारा आला. खिडकीसाहेब ते खिडकीसाहेबच. पुढच्या रांगेतून मात्र एक कामगार न राहवून ओरडला, “अरे, पण जहाज दाखव ना!” सगळं थेटर हसलं. साहेबांना त्या आवाजात ताईचाच सूर ऐकू आला आणि त्यांनी खुर्चीचे हात घट्ट धरले.

मग धाकटीची वेळ आली. पडद्यावरचा म्हातारा वेल्डर लोकांकडे पाठ करून, उतरणीकडे तोंड करून उभा राहिला. अडसर निघाले. भोंगा वाजला. साहेबांची मान सवयीनं वळायला लागली, पण त्यांनी तिला मधेच धरलं आणि पुन्हा समोर आणलं.

आणि ते आलं. आधी वाटलं, आपणच मागे सरकतोय. लाल भिंत हलली, हळू, मग हळू म्हणता येणार नाही इतक्या वेगात. साखळदंड मागून ओढले गेले, धुळीचा पिवळा लोट उठला, खालच्या लाकडाच्या ओंडक्यांतून धूर निघाला. संपता संपेना असं ते जात राहिलं. मग पाण्याला भिडलं, पाणी दोन्ही अंगांनी उभं राहिलं, आणि एवढं अवजड लोखंड एकदा वाकलं, सावरलं आणि तरंगलं. साहेबांनी शाळेत जे वर्णन केलं होतं त्यातलं बहुतेक सगळं चुकीचं निघालं. खरं जहाज थापेपेक्षा मोठं होतं.

थेटरात आवाज झाला. टाळ्या होत्या, शिट्ट्या होत्या, पुढच्या रांगा उभ्या राहिल्या होत्या आणि मागच्या रांगा ‘बसा’ म्हणत होत्या आणि मग त्याही उभ्या राहिल्या. दुसऱ्या दिवशी एक समीक्षक ‘संयम सुटला’ असं लिहिणार होता. पण आत्ता तोही खुर्चीवर चढून बघत होता, पुढच्याची टोपी आडवी येत होती म्हणून. कंपनीच्या बाई दाराशी उभ्या होत्या, पण जात नव्हत्या. कॅमेरामन हातांत डोकं धरून बसला होता आणि त्याचा शिष्य त्याची पाठ चोळत होता.

यातलं साहेबांनी काही पाहिलं नाही. त्यांना हे नंतर लोकांनी सांगितलं. ते समोर बघत होते. पडदा काळा झाला तरी बघत होते.

दिवे लागले तेव्हा त्यांनी ताईकडे मान वळवली. आयुष्यभराची धास्ती एका रात्रीत थोडीच जाते.

“लोकांचे चेहरे कसे होते गं?”

“मला काय विचारतोस?” ताई चष्मा पुसत म्हणाली. “मी जहाज बघत होते.”

“मग? कसं होतं?”

ताईनं चष्मा डोळ्यांवर चढवला, पर्स काखेत मारली आणि विचार केला.

“आपल्या वेळच्यापेक्षा मोठं,” ती म्हणाली.

आपल्या वेळचं साहेबांनी पाहिलंच नव्हतं. पण त्यांनी मान डोलावली, आणि पुढे होऊन तिच्यासाठी गर्दीतून वाट काढायला लागले.